भागवतचा डावा नेम

धाडहून बुलढाण्याला जाणाऱ्या जीपगाड्यांमध्ये भागवतची जीप कधी रिकामी सुटली नाही. बाजारच्या दिवशी तर बायाबापड्या दुसरी गाडी सोडून त्याच्याच गाडीसाठी थांबायच्या. मग एका सोयाबीनच्या हंगामात तो चुलतभावाच्या वावरात मदतीला गेला. थ्रेशरमध्ये काड सारता सारता सदऱ्याची बाही आत ओढली गेली आणि उजवा हात कोपरापासून गेला.

जीप विकली. जखम भरल्यावर भागवत पुन्हा स्टँडवर आला, पण आता दुसऱ्यांच्या गाड्यांसाठी ‘बुलढाणा, बुलढाणा’ ओरडायला. डाव्या हातानं जेवायला शिकला, सदऱ्याची बटणं लावायला शिकला. तरी घरी तो कमी बोलायचा. बायकोनं, कोकिळानं, दोन गोष्टी विचाराव्या तेव्हा एकीचं उत्तर यायचं.

स्टँडसमोर जुनेदचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान होतं. लहानपणी पोलिओनं त्याचा एक पाय गेलेला. दर रविवारी तो बुलढाण्याला जायचा. कशाला जातो, हे भागवतनं इतक्या वर्षांत विचारलं नव्हतं. एका रविवारी जुनेदच म्हणाला, “चाल बे माह्यासंगं. गाडीत जागा हाय.”

“कुठं?”

“बंदूक मारायले.”

भागवतनं मोकळ्या बाहीकडं पाहिलं. “अन् धरू कशानं?”

“धरायचं काम बंदुकीचा स्टँड करते. तू फक्त चाप ओढायचा.”

बुलढाण्यात एका बंद पडलेल्या सरकीच्या गोदामात नारायणराव नावाचे निवृत्त हवालदार हवेच्या रायफलीवर नेमबाजी शिकवत. भागवतला त्यांनी टेबलाशी बसवलं. स्प्रिंगच्या स्टँडवर रायफल टेकवली, दस्ता डाव्या खांद्याला लावला आणि म्हणाले, “आता डावा डोळा.”

जन्मभर त्यानं नेम धरायला डावा डोळा मिटला होता. आता तोच उघडा ठेवायचा. पहिले छर्रे कागदावर कुठं लागले ते शोधावं लागलं, काही तर कागदाला शिवलेही नव्हते. पण चाप ओढण्याच्या त्या क्षणी डोक्यात दुसरं काहीच नसतं, हे त्याला घरी परतताना उमगलं. पुढच्या रविवारी जुनेदच्या आधी तोच गाडीत बसलेला होता.

रायफलीच्या मागच्या साईटला, म्हणजे ज्यातून पाहून नेम धरायचा त्या भागाला, दोन छोट्या चकत्या असतात. वरची फिरवली की छर्रा वरखाली सरकतो, बाजूची फिरवली की डावाउजवा. हे कळलं आणि भागवतच्या बोटांना जणू खाज सुटली. छर्रा डावीकडे गेला की चकती उजवीकडे, उजवीकडे गेला की डावीकडे. कागद चाळणीसारखा झाला.

नारायणरावांनी त्याचा हात धरला. “काऊन फिरवून राह्यला तू? एका छर्ऱ्यावरून साईट हालवायची नाही. एकाच जागी नेम धरून चारपाच मार. ते एकमेकाजवळ पडले, मंग ते कुठंही पडू दे, तुह्या हातात खोट नाही. मंग साईट हालव. अन् ते विखुरले, तर साईटले हात लावू नको, सोताले सुधर.”

भागवत मुकाट मारत राहिला. पावसाळा सरेपर्यंत त्याचे छर्रे एकमेकांजवळ पडू लागले. मग नारायणरावांनी चकती फिरवू दिली. टक, टक, टक. बारीक आवाज. पुढचा छर्रा काळ्या वर्तुळाच्या मधोमध गेला. जुनेदनं लांबूनच मान डोलावली.

छर्रा भरायला मात्र माणूस लागायचा. हातानं अधू असलेल्या नेमबाजाला स्पर्धेतही मदतनीस चालतो, पण जुनेदला स्वतःची फेरी असायची. भागवतनं घरी विषय काढला.

कोकिळा भाकरी थापत होती. “मले भेव लागते त्या बंदुकीचं.”

“तुले नाही मारायची. नुसता छर्रा घालायचा.”

“सासूबाई काय म्हनतील?”

आतून म्हातारीच बोलली, “जाय वं. तो बोलाले तरी लागला.”

राज्यस्पर्धा पुण्याला होती. कोकिळानं दशम्या बांधल्या, दोघं एसटीनं निघाली. वाटेत तो चहाला उतरला तेव्हा ती नारायणरावांनी दिलेल्या रायफलीची पेटी सांभाळत बसली.

स्पर्धेआधी सरावाच्या छर्ऱ्यांना वेळ देतात, साईट बसवून घ्यायला. त्यांची मोजणी होत नाही. भागवतनं पहिला मारला. समोरच्या पडद्यावर ठिपका उमटला तो खाली, उजव्या बाजूला, पार बाहेर. दुसराही तिथंच. त्याला वाटलं, आपलंच चुकतंय. एवढ्या मोठ्या हॉलमध्ये हात हालला असेल, प्रवासानं अंग आंबलं असेल. त्यानं नेम थोडा वर, थोडा डावीकडे धरून पाहिला. छर्रा भलतीकडेच गेला.

त्यानं कोकिळाकडं पाहिलं. मदतनिसानं काही बोलायचं नाही, खूणही करायची नाही, असा नियम. ती खाली पाहत होती, ओठ घट्ट मिटलेले.

भागवतनं रायफलीवरून गाल उचलला आणि श्वास सोडला. पुन्हा मधोमध नेम धरला. मारला. कोकिळानं दुसरा छर्रा भरला. पुन्हा तिथंच नेम. मग तिसरा, मग चौथा. पडद्यावर खाली उजवीकडे हे चारही ठिपके आधीच्या दोघांना चिकटून बसले होते, चिंचोक्याएवढ्या जागेत.

म्हणजे हात ठीक होता. हाललं होतं ते दुसरंच काहीतरी.

त्यानं वरची चकती फिरवली, मग बाजूची. एक मारला. थोडं उरलं होतं. पुन्हा दोन टक. पुढचा ठिपका मधोमध. सरावाची वेळ संपल्याची सूचना झाली तेव्हा त्याची छाती शांत होती.

फेरी संपल्यावर हॉलबाहेरच्या पायरीवर बसून कोकिळा पहिल्यांदा बोलली. “तुमी चहाले उतरले न, तवा एका बाईचं गाठोडं वरून पेटीवर पडलं. मले वाटलं, काय होते त्यानं. अन् आत ध्यानात आलं तर बोलता येईना. जीव नुसता तुटून राह्यला होता.”

भागवत तिच्याकडं पाहून हसू लागला. हात गेल्यापासून तो असा पोटातून हसला नव्हता. तीही हसली, आणि हसता हसता पदरानं डोळे पुसू लागली.

पदक त्याला मिळालं नाही. पण राष्ट्रीय स्पर्धेसाठी जेवढे गुण लागत, त्याहून त्याचे थोडे वर होते. संध्याकाळी भिंतीवर नावं लागली, तेव्हा त्यानं आपलं नाव बोट ठेवून वाचलं आणि मग कोकिळाला वाचायला लावलं.

सोमवारी तो धाडच्या स्टँडवर होता. ड्रायव्हर गोळा झाले. एकानं विचारलं, “कितवा आला बे?”

“नववा.”

“मंग रे?”

“मंग काय, आता देशातल्यायसंगं मारायचं हाय,” भागवत म्हणाला आणि भरत आलेल्या गाडीकडं वळून ओरडला, “चला, बुलढाणा. दोन सीट हायेत.”