ओटीतले चार दाणे

त्या सकाळी मी देवापुढं हात जोडले नाहीत. वर्षभर रोज एकच मागत होतो, आमचा संसार मोडू देऊ नकोस. आदल्या दिवशी आदिलाबादच्या कोर्टात आम्ही दोघांनी शांतपणे सह्या केल्या आणि सात वर्षांचं लग्न संपलं. भांडण असं नव्हतंच. घरातलं बोलणंच हळूहळू आटत गेलं होतं.

तिला पैनगंगेपलीकडं, महाराष्ट्रात माहेरी जायचं होतं. मी बसस्टँडवर पोचवायला गेलो. आमच्या घरात पदवी घेतलेला मी पहिला. गावातल्या कितीजणांचे अर्ज मी लिहून दिलेत. पण सात वर्षं माझा डबा भरणाऱ्या बाईला निरोपाचं एक वाक्य मला सुचेना. ते न बोलताच ती गेली, तर जन्मभर सलत राहील, एवढं कळत होतं.

शेजारी बाकावर बोलण्यावरून बेला भागातली वाटणारी एक म्हातारी बसली होती. देवीचं दर्शन करून लेकीकडं निघालेली, मांडीवर ज्वारीचं गाठोडं. माझ्याकडं बघून म्हणाली, "काऊन बाप्पा, शिकलेसवरले माणसं बायकोची बॅग उचलाले लाजतेत का?" मी बॅग उचलली. मग म्हातारीनं हिला विचारलं, "माहेरी चालली का, माय? अन् रिकाम्या ओटीनं?"

आता ही खरं सांगेल, असं वाटलं. हिनं क्षणभर माझ्याकडं पाहिलं आणि पदर पुढं केला. म्हातारीनं कुंकू लावलं, गाठोडं सोडून पाच मुठी ज्वारी ओटीत घातली. "चार दाणे मांगं ठेवून जाय, माय. घर भरलेलं राह्यते."

मागं ठेवायला घर कुठलं? बस लागली होती, कंडक्टर तेलुगूत घाई करत होता. हिनं ओटीतले चार दाणे उचलले, माझ्या हातावर ठेवले आणि माझी मूठ मिटवली.

"जेवण वेळेवर करत जा तुमी. माह्या मनात काई नाही."

"माह्याबी नाही," मी म्हणालो. "सुखानं राह्य."

बस निघाली तेव्हा म्हातारी खिडकीत तिच्या शेजारीच बसलेली दिसली. ती म्हातारी कोण, कुठल्या गावची, मला ठाऊक नाही. मी मागितलं ते देवानं दिलं नाही. पण मला जे जमत नव्हतं, ते त्या बाकापाशी करवून घेतलं.

ते दाणे देवघरात आहेत. पूर्वी म्हणायचो, तिला माझ्यापाशी ठेव. आता म्हणतो, जिथं आहे तिथं तिला बरं ठेव. एवढं म्हटलं की पुढं मागायला काही उरत नाही. मग दिवा लावतो आणि शाळेत शिकवायला निघतो.