पाण्यावरचे दिवे

त्या देशात दिवे पाण्यावर जळायचे. तेल नाही, तूप नाही, निव्वळ पाणी. वात भिजवली की पेटली. हा देश कुठे होता म्हणाल तर माझ्या डोक्यात, आणि डोकं टँकरच्या रांगेत. आमचं गाव शिरूर अनंतपाळच्या बाजूचं, साल दुष्काळाचं, आणि लातूर नुकताच वेगळा जिल्हा झालेला. उन्हात घागर पुढे सरकवत तासन्‌तास उभं राहायचं तर मनाला काहीतरी चाळा लागतोच. मी त्या देशाला आधी एक नदी दिली आणि मग एक सण दिला. नदी काठोकाठ भरली की त्या संध्याकाळी प्रत्येकानं एक दिवा लावायचा आणि तो स्वतःच्या नव्हे, दुसऱ्याच्या दारात ठेवून यायचा. कुणी कुणाच्या दारात ठेवला ते बघायचं नाही, विचारायचं नाही, सांगायचं तर मुळीच नाही. दिवा मिळाला नाही असं एकही घर त्या देशात नसायचं. राज्य माझंच असल्यामुळे तशी सोय मी करून ठेवली होती.

हे सगळं डोक्यातच राहिलं असतं तर बरं झालं असतं. टँकर एकच होता, पण रांगा दोन, गावाची वेगळी आणि आमची वेगळी. दिवाळी जवळ आली होती. पलीकडच्या रांगेतली, माझ्याच वर्गातली एक मुलगी म्हणाली, "तुमच्यात दिवाळी करत न्हाईत म्हणं. मग दिव्याचा सणच न्हाई का तुम्हाला?"

आमच्या वस्तीनं देव सोडले, देवांचे सण सोडले, ते माझ्या जन्माच्याही आधी. काय सोडलं ते सगळ्यांना पाठ होतं. काय धरायचं ते मात्र अजून शिकणं चालू होतं. आणि मी पहिल्यापासून तोंडाळ. "हाय की! तुमच्यापेक्षा लई भारी हाय," म्हणत मी तिला सगळा सण ऐकवला, पाण्यासकट. माझ्या मागेच शेजारची काकू उभी होती, ते माझ्या लक्षात आलं नाही.

काकूनं शनिवारी ती गोष्ट दादांच्या कानावर घातली. दादा म्हणजे माझे वडील. ते लातूरच्या नव्या कचेरीत शिपाई होते आणि आठवड्याला घरी येत. रविवारी विहारात, म्हणजे पत्र्याच्या एका खोलीत, ते लोकांना धम्माचं पुस्तक वाचून दाखवायचे. वस्तीतल्या मोठ्या माणसांत वाचता येणारे ते एकटेच. लग्नात काय म्हणायचं, मयताला काय करायचं, सगळं त्यांना विचारून व्हायचं. वस्ती त्यांच्या शब्दावर चालायची, आणि त्या शब्दाखेरीज आमच्या घरात मिरवण्यासारखं दुसरं काही नव्हतं.

"कुठून आणलंस गं हे?" दादांनी विचारलं.

मार बसेल या भीतीनं मी म्हणाले, "पुस्तकात हाय."

पुस्तकात आहे म्हटलं की आमच्याकडे बोलणं संपायचं. दादा आईकडे वळून म्हणाले, "बघ, आपल्याला म्हाईतच नव्हतं." त्यांचा चेहरा असा खुलला की खरं सांगायचं मी टाळलंच.

पाण्याचं कोडं त्यांनी स्वतःच सोडवून टाकलं. खाली पाणी आणि वर तेलाचा थर देत असतील, म्हणजे तेल कमी लागतं. विहारात त्यांनी हे सांगितलं तेव्हा कुणाला नवलही वाटलं नाही. त्या वर्षी सगळंच नवं होतं. कचेरी नवी, साहेब नवे, एसटीच्या पाट्या नव्या. "जिल्हा नवा, तर सणबी नवा," असं एक म्हातारा म्हणाला आणि नदी भरायची वाट न बघता येती पौर्णिमा ठरली. पौर्णिमेला दिवे! माझ्या देशात असला बावळटपणा कुणी केला नसता.

दिवेलागणीला बायांनी वाट्या काढल्या, करवंट्या काढल्या, कान तुटलेले कप काढले. ज्या टँकरच्या पाण्यात आई आम्हाला तोंडसुद्धा धड धुऊ द्यायची नाही, ते पाणी दिव्यात पडलं. त्यावर करडीच्या तेलाची धार, फोडणी न देता राखलेल्या तेलाची. धरणीनं पोटात घेतलं तर बरं, असं मला झालं होतं. मग माणसं दिवे घेऊन निघाली, मान खाली घालून, इकडेतिकडे न बघता, अगदी मी सांगितलं तसं. आणि जवळजवळ सगळे दिवे आमच्याच दारात येऊन बसले. सण आणणाऱ्याला मान द्यायचा, एवढंच त्यांच्या मनात असणार. वस्तीच्या टोकाला राहणाऱ्या एकट्या म्हातारीचं दार बिनदिव्याचंच राहिलं. दादा उंबऱ्यात हात जोडून उभे होते आणि त्यांचे डोळे भरून आले होते.

ते डोळे मला बघवेनात. मी रडत ओरडले, "पुस्तकात न्हाई दादा! मी मनानंच काढलंय!"

आईनं पाठीत धपाटा घातला. दादांनी तिचा हात धरला. मग ते लोकांकडे वळून म्हणाले, "माझ्या पोरीनं मनानं काढलेलं हाय हे. मी पुस्तक न बघता तुम्हाला सांगितलं. चूक माझी हाय. ज्याचं त्यानं आपलं तेल घिऊन जावा."

कुणी हललं नाही. आपला दिवा कुठला ते सांगायचं नाही असा नियम होता, आणि तो मीच केलेला. शेवटी काकू पुढे आली. "असू द्या भावजी, लेकरू हाय," म्हणाली आणि वाकून एक वाटी उचलली. तिच्यामागून बाकीच्या आल्या. सगळ्यांनी विझलेले, पाण्यावर जेमतेम तेल उरलेले दिवेच उचलले. भरलेले आमच्या दारात राहिले. त्या तेलाच्या फोडणीची भाजी पुढे बरेच दिवस ताटात येत होती आणि मी ती बाजूला सारून नुसती भाकरी खायचे. कुणी शिव्या घातल्या असत्या तर मी सुटले असते.

रविवारी दादा नेहमीप्रमाणे विहारात वाचायला बसले. थोडं वाचून झालं आणि मागून कुणीतरी विचारलं, "भाऊ, हे पुस्तकातलंच हाय न्हवं?" त्यात खवचटपणा नव्हता, साधी चौकशी होती. दादांनी पुस्तक लोकांकडे फिरवलं, ओळीवर बोट ठेवलं आणि तीच ओळ पुन्हा म्हटली. पुढच्या ओळीलाही तेच, आणि त्यानंतरच्या प्रत्येक रविवारी तेच. लोक पुढे वाकून बघायचे आणि माना हलवायचे. त्यांच्यातल्या कुणालाही वाचता येत नव्हतं. समोर बसलेल्यांत अक्षर येत होतं ते मला, आणि मी खाली जमिनीकडे बघत बसायचे.