मतांवरचं झाकण

दर रविवारी उन्हं कलली की, संध्याकाळच्या प्रार्थनेआधी, मकेरिता चटईवर मांडी घालून बसायची आणि अख्ख्या घराण्याची मर्जी सांभाळायला घ्यायची. मर्जी सांभाळायची म्हणजे फोनवरच्या एका खेळाची सेटिंग लावायची. ऐकायला पोरकट वाटेल. वाटू दे. त्याच खेळात तिच्या डोक्यावरचं छप्पर जायची चिन्हं दिसली, तेव्हा कुणाला हसू आलं नाही.

खेळ साधाच. दहा जण एका जहाजावर. त्यातले दोघं ऐतू, म्हणजे आमच्या बेटावरची भुतं. पण दिसायला सगळे सारखे, रंग तेवढे वेगवेगळे. बाकीच्यांनी दिवे लावायचे, पंप चालवायचा, दोर आवळायचे. ऐतूनं एकेकाला एकटं गाठून संपवायचं. मुडदा सापडला किंवा कुणी घंटा वाजवली की सगळे जमणार, एकमेकांवर आळ घेणार, मतं टाकणार, आणि ज्याच्यावर जास्त मतं त्याला उचलून समुद्रात फेकणार.

हे खूळ म्हाताऱ्याच्या आजारपणात शिरलं. म्हातारा म्हणजे मकेरिताचे आजोबा, घराण्याचे मताई, म्हणजे प्रमुख. जमीन कुणी कसायची, कुठल्या घरात कुणी राहायचं, हे सगळं आमच्याकडे मताईच्या शब्दावर चालतं. शेवटची सात वर्षं ते अंथरुणाला खिळले, आणि आपिया शहरातली नोकरी सोडून मकेरिता त्यांचं करायला गावी आली. लग्न मोडलेली बाई, चौतीस वर्षांची. लोक म्हणाले, हिला तरी कुठं दुसरीकडे जागा आहे. तिनं ऐकून घेतलं. म्हाताऱ्याला एकच हौस उरली होती, सगळ्या पोरांचे आवाज एका वेळी कानावर पडावेत. पोरं तर ऑकलंड, ब्रिस्बेन, आपिया अशी उधळलेली. तेव्हा मकेरितानं हा खेळ शोधला. म्हातारा उशीशी फोन ठेवून पडायचा आणि खुदकन हसायचा, "फेका रे फेका, कुणाला तरी फेका!"

तिनं त्या खेळाची घडी अशी बसवली की बनवणाऱ्यांनी बघावं. चर्चेला मुळात दीड मिनिट होतं. आमच्या माणसांना दीड मिनिट? ब्रिस्बेनच्या पेले मावशीनं तोंड उघडलं की आधी थोरांची माफी मागणार, मग ज्याच्या त्याच्या पदाला मान देणार, मग हवापाणी. मुद्द्यावर यायच्या आत वेळ संपलेली. मकेरितानं चर्चा पाच मिनिटांवर नेली. तिच्या आईची, रुताची, नजर अधू, म्हणून जहाजावरचा उजेड लांबपर्यंत पडेल असा केला. चाल मंद केली, कारण मावशीची बोटं सुजतात. ऐतूला दोन बळींच्या मध्ये चांगला पाऊण मिनिट थांबायला लावलं, कारण भाचरं पहिल्याच झटक्यात मेली की रडायची. ऑकलंडचा भाऊ तोमासी चिडवायचा, "ताई, आणखी एक सेटिंग टाक. भुतानं मारायच्या आधी परवानगी मागायची!"

सगळं जमलं, एक सोडून. सोलोमोना मामाला कुणी समुद्रात फेकेना.

मामा म्हणजे म्हाताऱ्याचा थोरला मुलगा, रुताचा भाऊ. राहायला आपियात. दणदणीत आवाज, दणदणीत पिकअप. थोराच्या तोंडावर त्याचं नाव घेऊन आळ घ्यायचा, ही आमच्याकडची रीत नाही. आणि खेळात तर कुणी कुणाला मत दिलं ते नावानिशी पडद्यावर उमटायचं. त्यामुळे मामानं भर दिव्याखाली, चौघांच्या देखत माणूस मारला तरी चर्चेत सगळे खोकत बसायचे.

"मी बघितलं असतं," पेले मावशी म्हणायची, "पण मेला चष्मा!"

"परवाच नवा केलास ना गं?" तोमासी विचारायचा.

"म्हणून तर सवय नाही!"

आणि मग कुणातरी भाचराला बिनगुन्ह्याचं पाण्यात ढकलून सगळे मोकळे व्हायचे. मामा म्हणायचा, "बिचारा. पण संशय वाईट."

नऊ आठवड्यांपूर्वी म्हातारा गेला. त्याला दारातच पुरला, समुद्राकडच्या छोट्या घरासमोर, जिथं सात वर्षं मकेरितानं त्याचं सगळं केलं. जाण्याआधी त्यानं तिचा हात धरून सांगितलं होतं, "हे घर तुझं. माझ्या कबरीजवळ तू राहायचंस." पण ते त्या दोघांतच बोललेलं. दफनाच्या दुसऱ्या दिवशी मामा घराभोवती फिरला, पावलांनी अंतर मोजलं आणि म्हणाला, "किनारा झकास आहे. पर्यटकांसाठी आठ झोपड्या आरामात बसतील." मग कबरीकडे बघून, "बाबांना काय, गर्दी आवडायचीच."

नवा मताई ठरवायची बैठक येत्या शनिवारी होती. मामा मताई झाला की घर जाणार, हे मकेरिताला पक्कं ठाऊक होतं. दुसरं नाव तोमासीचं निघत होतं. पण कोण कुणाकडे, ते कळायला मार्ग नव्हता. विचारावं तर सगळे गोडगोड बोलायचे. तिची झोप उडाली होती. ताट वाढलं की घास उतरायचा नाही.

त्या रविवारी सगळ्यांचे रंग जहाजावर जमले, आणि मकेरिताचं बोट नेहमीच्या यादीवरून खाली सरकत एका बटणापाशी थांबलं. मतं गुप्त ठेवा. तिनं हे बटण शंभरदा पाहिलं होतं. आज तिनं ते दाबलं. मनात पाप नव्हतं असं म्हणत नाही. तिला बघायचं होतं.

"आज कुणाचं मत कुणाला ते दिसणार नाही हं," ती म्हणाली. "नुसता आकडा."

"अगं बाई!" पेले मावशी म्हणाली, आणि त्या दोन शब्दांत काय हुरूप होता!

खेळ सुरू होऊन मिनिट झालं नाही तोच एका भाचीनं घंटा वाजवली. ना मुडदा, ना पुरावा. पाच मिनिटं कुणी धड बोललं नाही. मावशीनंसुद्धा फक्त हवेची चौकशी केली. मग मतं पडली. दहातली नऊ मामावर. मामाचं स्वतःचं तेवढं मावशीवर. निळ्या अंगरख्यातला मामा गटांगळ्या खात गेला, आणि खाली अक्षरं उमटली: सोलोमोना ऐतू नव्हता.

आधी एक भाचरू खिदळलं. मग तोमासी. मग सगळे फुटले, आणि डाव तिथंच मोडला. चटईवर शेजारी बसलेल्या रुतानं कमरेला गुंडाळलेल्या लावालावाचं टोक पदरासारखं तोंडाला लावलं आणि ती खांदे हलवत हसली. मकेरिताही हसली, पण तिच्या छातीत काहीतरी सैल झालं होतं. नऊ! कुणालाच तो नको होता. मावशीला नको, आईला नको, त्याच्या स्वतःच्या मुलींना नको. शनिवारची बैठक निभावणार, घर राहणार. कितीतरी दिवसांनी तिला भूक लागली.

मग तिच्या ध्यानात आलं, की मामाचा आवाज अजून आला नव्हता.

हसणं एकेक करून थांबलं.

"छान," मामा म्हणाला. आवाज शांत होता. त्याचा शांत आवाज कुणी फारसा ऐकलेला नव्हता. "मजा आली. प्रार्थनेचा शंख वाजायला अजून वेळ आहे ना? एक डाव आणखी."

"मामा, प्रार्थनेची तयारी करायची आहे," मकेरिता म्हणाली.

"एकच गं. सेटिंग तुझ्याच हातात असते ना? कर. मतं उघडी कर. आपल्या घरात काय लपवायचंय? आणि फेकलेला माणूस ऐतू होता की नाही ते नको दाखवूस. पाण्यात गेल्यावर चौकशी कशाला?"

ती नाही म्हणू शकली असती. फोन तिचा, खेळ तिनं मांडलेला. वीज गेली, रेंज गेली, काहीही सांगता आलं असतं. पण मामानं सांगितलं आणि बोट आपोआप हललं. दोन बटणं. मतं उघडी. फेकलेल्याची ओळख बंद.

दुसऱ्या डावात ती आईला घेऊन दिवे लावत निघाली. उजेड लांबपर्यंत पडत होता, तिनंच तसा ठेवला होता. इंजिनखोलीच्या दारात दोघी पोचल्या आणि दोघींनी एकदमच पाहिलं. आत तोमासी पंपाशी उभा होता. निळा अंगरखा त्याच्या मागं गेला आणि तोमासी आडवा झाला. रुताच्या तोंडून "आई गं!" निघालं, पण खोलीतल्या खोलीत; चर्चा सुरू होईपर्यंत फोनवरून आवाज जात नाही. मकेरितानं मुडद्याची वर्दी दिली.

सगळे जमले. मेलेल्याला डाव संपेपर्यंत बोलता येत नाही. म्हणजे तिच्या बाजूनं हमखास बोलला असता तो एकटाच गप्प.

"कुठं सापडला?" मामानं विचारलं.

"इंजिनखोलीत."

"कुणी केलं?"

नुसता खेळ, अगं, खेळ, असं मकेरितानं स्वतःला बजावलं. हे आज बोलता आलं नाही तर शनिवारी काय बोलणार?

"मामा, माफ करा," ती म्हणाली. "तुम्ही. मी पाहिलं."

कुणी खोकलंसुद्धा नाही. ब्रिस्बेनमध्ये मावशीच्या घरातला पंखा फिरत होता, तो ऐकू येत होता.

"असं," मामा म्हणाला. "आणखी कुणी पाहिलं?"

"आई होती माझ्यासोबत. आई, सांग ना."

रुता फोनकडे बघत राहिली. दोघींचे गुडघे चटईवर एकमेकींना लागत होते.

"आई?"

"मला... नीट दिसलं नाही गं," रुता म्हणाली. "माझी नजर."

"मग मी काय म्हणतो," मामा म्हणाला, "वर्दी देणाराच बऱ्याचदा करणारा असतो. मला वाटतं मकेरिता. ज्याला जे वाटेल ते त्यानं करावं. मी कुणाला काही सांगत नाही. नावं दिसतीलच."

चर्चेची साडेतीन मिनिटं उरली होती. ती सगळी तशीच गेली. मग मतं पडायला लागली. मामाचं, मकेरितावर. त्याच्या दोन्ही मुलींची. पेले मावशीचं, आणि तिचं "पोरी, रागावू नकोस हं," पुटपुटणं. तिन्ही भाचरांची, एकापाठोपाठ एक. मकेरितानं आपलं मामावर टाकलं. ते एकटंच पडलं. एक मत बाकी होतं. तिनं फोनवरून नजर उचलली आणि आईच्या अंगठ्याकडे पाहिलं. अंगठा पडद्यावर अधांतरी होता. मग तो खाली गेला.

पडद्यावर रुताचं नाव मकेरिताच्या रंगाखाली उमटलं. पिवळा अंगरखा पाण्यात पडला. खाली एवढंच आलं: मकेरिता जहाजावर नाही.

"झालं," मामा म्हणाला. "शनिवारी येतोच आहोत सगळे. चूल मोठी लाव, मकेरिता. तारोचे कंद भरपूर भाज, पाहुण्यांना कमी पडायला नको."

गावाच्या टोकाला शंख वाजला. एकेक रंग विझला. रुता गुडघ्यांवर हात टेकून उठली आणि फळीवर प्रार्थनेचं पुस्तक शोधायला लागली, समोरच होतं तरी.

"खेळ आहे गं," ती पाठमोरीच म्हणाली. "मनावर घेऊ नकोस."

"तू बघितलंस ना?"

रुतानं पुस्तक छातीशी धरलं.

"बघितलं," ती म्हणाली. "पण सगळ्यांसमोर नाव उमटणार होतं माझं."

बैठकीत काय असतं ते दोघींनाही ठाऊक होतं. कावाच्या मुळीच्या पेयाची वाटी फिरते, मग प्रत्येकानं पाळीपाळीनं, सगळ्यांच्या तोंडावर, आपल्या तोंडानं नाव घ्यायचं. तिथं झाकण नसतं. कधीच नव्हतं.

दुसरा शंख झाला. रुतानं डोळे मिटले आणि नेहमीसारखी या घरावर कृपा मागितली. मकेरितानं मिटले नाहीत. ती दारातल्या कबरीकडे बघत होती. खेळाला बसायच्या आधीच तिनं ती धुतली होती, आणि पांढरे दगड अजून ओले होते.