उतरलेली ढोलकी

डोमाजी गुरुजी आता चारचौघांत ढोलकीला हात लावत नाहीत. ज्यांनी ही वेळ आणली त्यांची मला किळस येते, आणि ती लपवायचं मला काही कारण दिसत नाही.

अकोल्याच्या जुन्या शहरात गुरुजी माझे शेजारी. शाळेत संगीत शिकवून निवृत्त झाले, पण त्यांची खरी ओळख दोन गायन पार्ट्यांत रंगणाऱ्या भीमगीतांच्या सामन्यांतले ढोलकीवाले म्हणून. तिथं एक रीत होती. ओलसर हवेनं एखादी ढोलकी उतरली, तिचा आवाज बसला, की ज्याचा हात मोकळा त्यानं दोरीच्या कड्या ओढून ती चढवून द्यायची. मग ती समोरच्या पार्टीची का असेना. आवाज बसलेल्या ढोलकीला हरवण्यात कसली मर्दुमकी?

गेल्या वर्षी शालेय कला स्पर्धेत ते परीक्षक होते. मीही ऐकायला गेलो होतो. बाहेर पावसाची झड लागलेली. आकांक्षा नावाची खेड्यातली पोरगी मंचावर आली, तिनं पहिली थाप मारली आणि आवाज फुस्स. तिचा चेहराच उतरला. गुरुजी खुर्चीवरून उठले, कड्या ओढल्या, बोटानं वाजवून पाहिलं आणि म्हणाले, "हं, वाजव आता."

मग तिनं असं वाजवलं, की मागं गप्पा हाणणारे मास्तरसुद्धा गप्प झाले. तिन्ही परीक्षकांनी तिलाच पहिलं दिलं. आता अमरावतीची विभागीय फेरी! तिच्या आईनं, मैनाबाईनं, त्याच आठवड्यात नवा ड्रेस शिवायला टाकला.

दुसरा आलेला मुलगा वकील गजेंद्ररावांचा. त्याच्या ढोलकीवर चामड्याऐवजी प्लास्टिकचं पान, ते ओल्या हवेनं कुठं उतरतं? गजेंद्ररावांनी मात्र गुरुजींचा हात मोबाइलवर टिपला होता. परीक्षकानं स्पर्धकाला मदत केली, निकाल रद्द करा, असा दावा त्यांनी ठोकला. त्यांना ढोलकीशी काही घेणंदेणं नव्हतं. दहावीला कलेचे वाढीव गुण मिळतात, सगळा डोळा त्यांवर.

न्यायाधीशांनी विचारलं, "तुम्ही ढोलकीला हात लावला होता?"

"लावला साहेब," गुरुजी म्हणाले. "उतरली होती ते. याच्या पोराची उतरली असती, त तेबी चढवून देली असती."

गजेंद्रराव हसले. "म्हणजे कबूल!"

दाव्याचा निकाल लागेपर्यंत कोणालाच अमरावतीला पाठवू नका, असा मनाई हुकूम निघाला. मग तारखांवर तारखा. अमरावतीची फेरी होऊन गेली आणि गजेंद्ररावांनी दावा काढून घेतला. पोराला चित्रकलेच्या परीक्षेतून गुण मिळाले होते, आता कशाला हेलपाटे? वर कोर्टात पेढे वाटले. गुरुजींसोबत गेलेल्या मलाही एक पुढं केला. थू! मी तो घेतला नाही.

परवा आकांक्षा गुरुजींकडे शिकायला आली, तेव्हा मी तिथंच चहा पीत होतो. हवा पावसाळी होती. दोनचार थापा मारून ती थांबली. गुरुजींनी सवयीनं हात पुढं केला.

तिनं ढोलकी चटकन पोटाशी ओढली, उठून दार लावलं, खिडकीही लावली, आणि मग माझ्याकडे पाहिलं.

"काका, कोनाले सांगू नका हं," ती म्हणाली, आणि ढोलकी गुरुजींपुढं सरकवली.