लोणंद ते विश्रामबाग, एका कॅसेटीचा अर्थ इचारायला

नामूकाकानं मला न इचारता माझं नाव सांगून टाकलं, म्हणून मला सांगलीला जावं लागलं.

आमच्या वस्तीवरच्या विहारात दोन वर्षांमागं जपानची मंडळी आली हुती. बौद्धच, बरोबर त्यांचे भन्तेजी. वरण-भात, खीर खाऊन खूश झाली. मी त्यांची ताटं उचलत हुते, एकावर एक, आवाज न करता. त्यातली एक म्हातारी बाई माझ्याकडं बघत बसली. मंग तिनं पिशवीतनं एक कॅसेट काढली, काकाच्या खिशातली पेन्सिल मागून घेतली, कॅसेटीतल्या कागदावर कायतरी खरडलं आन् कॅसेट माझ्या हातात दिली. आमाला वाटलं सही केली.

कॅसेटीवर पांढरं फूल आन् सगळी जपानी अक्षरं. एक बाई हळू आवाजात गाती, मधीमधी किणकिण वाजतं. थोरली माणसं म्हणली, तिकडचं सूत्रपठण हाय, घंटी वाजवत्यात. तवापास्नं दर रविवारी वंदना झाली की कॅसेट लागायची आन् अख्खी वस्ती हात जोडून, डोळं मिटून बसायची. बटण दाबायचं काम माझं. त्यात बोलावं लागत न्हाई, म्हणून मीच मागून घेतलेलं.

औंदा बुद्धपौर्णिमेला बाहेरनं भन्तेजी येणार हुते. त्यांच्यापुढं कॅसेटीचा अर्थ मराठीत सांगायचं ठरलं. काका विहाराचा सेक्रेटरी. भर मिटिंगीत म्हणला, "अर्थ आमची सुजी सांगंल. तिला सगळी कॅसेट पाठ हाय."

पाठ हाय, खरं हाय. पण उभं राहून बोलायचं म्हटलं की माझी जीभ टाळ्याला चिकटती. नववीत बाईंनी धडा वाचायला उभं केलं, मी तास संपला तरी नुसती उभीच. वर्ग हसला. दुसऱ्या दिवशी शाळंत गेले न्हाई. मंग गेलेच न्हाई. आता सोळावं सरत आलंय.

काका लोणंदच्या मार्केटात कांद्याच्या गाळ्यावर कामाला. तिथं सांगलीच्या एका ट्रक ड्रायव्हरनं सांगितलं की विश्रामबागला चौगुले म्हणून हाईत, सात वर्षं जपानात मशिनीच्या कामावर हुते, लिहाय-वाचाय येतं. एसटीडीवरनं फोन झाला. "या की," म्हणले.

"हात हलवत कसं जायचं?" म्हणून काकानं दहा किलो कांदा पिशवीत भरला. चांगला, निवडून घेतलेला.

कुणाला लोणंदवरनं सांगलीला जायचं असंल तर सकाळची पॅसिंजर धरा. एसटी परास स्वस्त आन् गाडी बदलायला नको. पण वेळ लय घेती. डबा घरनं बांधून न्या, पाणी भरपूर न्या. आदर्कीचा घाट लागला की खिडकी सोडू नका. गाडी वळणावर अशी वाकती की आपल्याच गाडीचं इंजिन आपल्याला दिसतं. मी मात्र जागेवर बसूच शकले न्हाई. दारात जायची, परत यायची, पिशवीतली कॅसेट चाचपायची, परत दारात.

"आगं बस की! पायाला भिंगरी हाय का?" काका.

"बसलेय."

"उभी हाईस."

साताऱ्याला गाडी दमानं थांबती. स्टेशन गावापास्नं लांब हाय, तवा सातारा बघायच्या नादानं कुणी उतरू नका. फलाटावर दोन रुपयाला वडापाव मिळाला, मिरची फुकट. कोरेगाव, रहिमतपूर, मसूर, कराड. कराडाच्या पुढं दोन्ही अंगाला नुसता ऊस. प्रत्येक स्टेशनाला मला वाटायचं, उतरावं आन् माघारी जावं. समोरच्या बाकावरची बाई म्हणली, "लेकीला दावायला चाललाय व्हय?" काका म्हणला, "न्हाई, कॅसेट दावायला." बाईला कायबी कळलं न्हाई, तिनं तोंड फिरवलं.

आमी सांगलीला उतरलो, ती चूक. पॅसिंजर पुढं विश्रामबागला बी थांबती, तितनं चौगुल्यांचं घर चालत जाण्यासारखं. आमी कांद्याचं वझं घिऊन सिटी बसच्या मागं पळत बसलो.

चौगुलेकाकांनी दार उघडलं. काकानं पिशवी पुढं केली. "आमच्याकडचा कांदा. लोणंदचा."

आतनं काकू आल्या, पिशवीत डोकावल्या आन् पदर तोंडाला लावला. चौगुलेकाका म्हणले, "आवं, आमी जैन. आमच्या घरात कांदा चालत न्हाई."

नामूकाकाचं तोंड असं झालं की मला जमिनीत शिरावं वाटलं. बारा तालुके कांदा विकणारा माणूस, नेमका तिथंच घिऊन गेला! काकू म्हणल्या, "असू द्या वो, शेजारच्या वैनींना देते. त्या मला दुवा देतील." मंग त्यांनी पोहे केले. बिनकांद्याचे, वर खोबरं. चांगले लागत्यात, खोटं न्हाई बोलत.

चौगुलेकाकांनी कॅसेटीतला घडीचा कागद उलगडला, चष्मा लावला, जाड डिक्शनरी घेतली. मला म्हणले, "टेप लाव बाळ." मी बटण दाबलं. दोन ओळी ऐकल्या आन् ते हसले.

"हे सूत्र न्हाई. ही गाणी म्हणणारी बाई हाय. पॉप सिंगर म्हणतात तसली."

नामूकाका उठूनच उभा राह्यला. "म्हंजी आमी दोन वर्षं गाण्याला हात जोडतोय?"

"जोडले तर काय बिघडलं? आवाज चांगला हाय की."

मंग ते थांबत थांबत, पानं उलटत कागद वाचत गेले. बाईचं नाव मिनेको, पण ते कंपनीनं ठेवलेलं. खरं नाव तोमे. बाप मासेमारीच्या बोटीवर. पंधराव्या वर्षी शाळा सुटली, मासळी डब्यात भरायच्या कारखान्यात लागली. रेडिओच्या स्पर्धेत गायली, कंपनीनं शहरात नेली, नवं नाव दिलं, वय कमी सांगितलं. दोन गाणी इतकी चालली की दुकानादुकानात तिचे फोटो. तिसरं चाललं न्हाई. चौथं बी न्हाई. कंपनीनं दुसरी पोरगी आणली.

"मंग?" मी इचारलं. माझाच आवाज ऐकून मी दचकले.

"मंग ती डोंगरातल्या एका हॉटेलात गायला लागली. तिथं गरम पाण्याचे झरे असतात, लोक अंघोळीला येतात, संध्याकाळी जेवतात. ही जेवणाऱ्यांपुढं गायची. ही कॅसेट तिथलीच, हॉटेलानं काढलेली."

"आन् पुढं?"

"पुढचं ह्यात न्हाई. कॅसेट निघाली तवा तिला तिथं अकरा वर्षं झालेली."

"आन् ती घंटी?" नामूकाका.

"घंटी कसली? लोक जेवतायत. ताटवाट्या वाजतायत."

टेपवर ती गात हुती आन् मागं भांडी. मंग त्यांनी कागद उलटा केला, पेन्सिलीचं अक्षर डोळ्यापाशी नेलं.

"हे त्या म्हाताऱ्या बाईनं लिहिलंय. 'ह्यात ताटांचा आवाज येतो ती मी. मी कधी गायले न्हाई. पण टेपमधी हाय.'"

मी उठून व्हरांड्यात गेले. परत आत आले. परत बाहेर.

त्या घरात दिवस मावळायच्या आत जेवायची पद्धत. साडेपाचलाच ताटं पडली, आमटी-भात, दोडक्याची भाजी. जेवण झाल्यावर मी ताटं घासून द्यायला उठले तर काकू म्हणल्या, "पाहुणी हाईस, बस." रात्री त्यांच्याच हॉलमधी झोपलो. सकाळी निघताना काकूंनी हळदीची पुडी अन् भडंग दिला. सांगलीला गेलात तर भडंग घ्याच, पण गाडीत बांधून ठिवा, आमचा कराडाच्या आधीच संपला.

गाडीत काका हळूच म्हणला, "सुजे, पौर्णिमेला सांगायचं, सूत्रच हाय. दुःख, करुणा असं कायतरी जोड. भन्तेजींना कुठं जपानी येतंय?"

"न्हाई सांगणार."

"मंग काय सांगशील? की भांडी वाजत्यात? लोकं हसतील."

हसतील, हे मला बी म्हाईत हुतं. घाटात गाडी वाकली तरी मी ह्या खेपेला इंजिन बघितलं न्हाई.

पौर्णिमेला विहार भरलेला. काकानं नाव घेतलं. मी उभी राह्यले आन् नववीतल्यासारखीच नुसती उभी. मागनं पोरं खुसखुसली. काका खोकला. मंग मला जे येत हुतं ते मी केलं, टेपचं बटण दाबलं. बाई गायली. किणकिण आली. बटण बंद केलं.

"ही घंटी न्हाई," मी म्हणले. "ही ताटं हाईत."

पोरं हसली. पण आता सुरवात झाली हुती. कारखाना सांगितला, नाव बदललेलं सांगितलं, हॉटेल सांगितलं, पेन्सिलीचं बी सांगितलं. मधी दोनदा अडले. भन्तेजी मान हलवत ऐकत हुते.

पुढं बसलेली सखूकाकू म्हणली, "म्हंजी ती गायची आन् लोकं नुसती जेवायची?"

"व्हय."

"अकरा वर्षं?"

"व्हय."

"मंग लाव की परत. आपुन ऐकू."

परत लावली. ह्या येळंला कुणी हात जोडले न्हाईत, कुणी डोळं मिटले न्हाईत. सगळी टेपकडं बघत हुती.

आता कॅसेट वंदनेला लागत न्हाई, रविवारच्या जेवणाला लागती. मिनेकोचं पुढं काय झालं, ते मला अजून कळलं न्हाई आन् त्यानं मला चैन पडत न्हाई. चौगुलेकाकांना कार्ड टाकलंय. शाळंत परत जाईन का, ते बी ठरलं न्हाई. पण खीर वाढून झाली की ताटं मीच उचलते, आन् आता वाजली तर वाजू देते.