वेल्ह्यातला व्हिएतनामी स्वयंपाक आणि माझं तोंड

आधीच सांगून ठेवतो, व्हिएतनामी स्वयंपाकाचा हा क्लास मी शोधलेला नाही. दोन माणसांचे साडेचार हजार रुपये भरायचे, वर आपणच भाजी चिरायची आणि आपणच ती खायची, याला आमच्याकडे घरचं जेवण म्हणतात आणि ते फुकट असतं. क्लास शोधला सुमनने, म्हणजे माझ्या बायकोने. एकतीस वर्षांच्या संसारात तिने मला न विचारता ठरवलेली ही पहिली गोष्ट.

फोनवर व्हिडिओ बघून बघून तिला व्हिएतनामचं वेड लागलं होतं. तिच्या भिशीतल्या बायका मागच्या दिवाळीनंतर तिकडे जाऊन आल्या. मी विमानाचं भाडं, तिकडचं पाणी आणि माझं पथ्य अशी तीन कारणं पुढे केली आणि ती राहिली. मग फेब्रुवारीत एक दिवस पोळी वाढता वाढता म्हणाली, "वेल्ह्याच्या अलीकडे एका शेतघरात व्हिएतनामी स्वयंपाक शिकवतात. मार्चमधल्या एका रविवारचं बुकिंग केलंय. दोघांचं. तुम्हाला यायचं नसेल तर मी एसटीने जाईन."

"आता या वयात स्वयंपाक शिकायचाय?" मी विचारलं.

"आयुष्यभर रांधलंच. एकदा माझं म्हणून काहीतरी करून बघायचंय."

मी गाडी काढली. जातोच आहोत तर आदल्या दिवशी भोर आणि भाटघर धरणही करू, हा माझा आग्रह. क्लास तिचा असला तरी सहल माझ्या हिशोबाने व्हायला हवी होती.

शनिवारी सकाळी सातला निघालो. सातारा रस्त्याबद्दल काय लिहायचं? उड्डाणपुलाचं काम कुठे चालू आहे ते विचारू नका, कुठे चालू नाही ते विचारा. टोल भरा, निमूट पुढे जा, कापूरहोळला उजवीकडे भोरचा फाटा लागतो. भोरात बाजारपेठेजवळ बाराशे रुपयांत खोली मिळाली. एसी होता, पण तो भिंतीवर शोभेला. जेवण मात्र झकास, ज्वारीची भाकरी आणि पिठलं-ठेचा, दोघांचे मिळून तीनशे. गाडी बाजारात आत घालू नका, बाहेर निघायला अर्धा तास जातो. मी घातली होती.

दुपारी भाटघर. मार्चमध्ये पाणी बरंच खाली गेलेलं असतं आणि काठाला भेगाळलेला गाळ दिसतो. फोटोत पाहिलेलं निळं पाणी हवं असेल तर दिवाळीच्या आसपास जा. मी सुमनला धरणाची माहिती सांगत होतो आणि ती पाण्याकडे बघत होती. चहाच्या टपरीवरच्या म्हाताऱ्या बाबांनी तिच्या हातात कप देत विचारलं, "ताई, तुमी कुठल्या गावच्या?"

"आम्ही पुण्याचे," मी म्हणालो.

"तुमचं न्हाई, ताईंचं इचारलं म्या."

"वेल्ह्याकडची," सुमन म्हणाली. "माहेर तिकडचं. आता भाऊ किकवीला असतो."

मग दोघांनी मिळून कुठली कुठली सोयरीक शोधून काढली. चहा दहा रुपये. दुसऱ्यांदा ओतलेल्याचे त्यांनी घेतले नाहीत.

रविवारी सकाळी परत कापूरहोळ, तिथून हायवेने थोडं पुण्याकडे येऊन नसरापूरला आत. पेट्रोल इथेच भरून घ्या. पुढे वेल्ह्यापर्यंत तास धरून चला, कारण रस्ता निम्मा गुळगुळीत आणि निम्मा उखडलेला आहे, आणि कुठला निम्मा ते दर महिन्याला बदलतं. विंझरच्या पुढे मोबाईलला रेंज येत-जात असते. तोरणा दिसायला लागला तशी सुमन सीटवर सावरून बसली. काच खाली करून मला एकेका वस्तीचं नाव सांगायला लागली. धूळ येते म्हणून मी काच वर करायला लावली.

शेतघर छान होतं, हे कबूल करतो. भातखाचरांच्या कडेला बांबूचा मांडव, त्यात लांबलचक टेबल, मागे चुली आणि गॅस दोन्ही. आम्ही धरून दहा विद्यार्थी. सगळी पुण्याचीच, आणि आम्ही सोडता तिशीच्या आतली मुलं-मुली. शिकवणारी गार्गी नोकरीसाठी दोन वर्षं हनोईत राहून आलेली. वागायला साधी, बोलायला स्पष्ट. कामाला गावातल्या हौसाबाई, पन्नाशीच्या. भांडी घासणं, चिरून देणं, चहा करणं, सगळं त्यांच्याकडे.

गार्गीने सांगितलं की आज तांदळाच्या कागदातल्या ताज्या गुंडाळ्या शिकायच्या. कागद म्हणजे तांदळाच्या वाळवलेल्या पातळ चकत्या. त्या पाण्यात बुडवल्या की मऊ होतात, मग आत गाजर, काकडी, पुदिना, टोफू घालून घट्ट गुंडाळायचं. त्या चकत्या तिने मुद्दाम मुंबईहून मागवल्या होत्या. तोवर चहा झाला. चहाबरोबर परातभर तळलेल्या पांढऱ्याशुभ्र पापड्या आल्या. काय फुलल्या होत्या! मी पाच खाल्ल्या आणि मोठ्याने म्हणालो, "याला म्हणतात गावची चव."

दहा मिनिटांनी गार्गीने कागदाची पाकिटं शोधायला घेतली. सगळी शोधून झाल्यावर तिने परातीकडे पाहिलं.

"हौसाबाई, ही पाकिटं तुम्ही उघडलीत?"

"व्हय. पापड्याच की त्या. जरा सादळल्यावानी लागल्या, म्हनून उन्हं दावली आन तळल्या. च्यासंगं बऱ्या लागत्यात."

"सगळ्या?"

"दोन राहिल्यात. फुटक्या व्हत्या."

एकजण फिस्सकन हसला. एका मुलीने पैसे परत मिळणार का, असं विचारलं. गार्गी मटकन बाकावर बसली. हौसाबाईंचा चेहरा उतरला. पदर तोंडाशी धरून म्हणाल्या, "ताई, लई चुकलं बगा. मला काढू नगा. आमच्याकडं असलं वाळवण तळूनच खात्यात, मला काय ठावं पान्यात बुडवायचं!"

खरं सांगायचं तर या भागात कुणीही तेच केलं असतं. इथे उन्हाळा लागला की घरोघरी सालपापड्या होतात. तांदूळ तीन दिवस भिजवायचे, पाणी रोज बदलायचं, वाटून पातळ पीठ करायचं, ताटलीवर पसरून वाफेवर धरायचं आणि अलगद सोलून वाळत घालायचं. वाळली की डब्यात आणि पाहुणा आला की कढईत. पांढरी पातळ चकती दिसल्यावर पाण्याचं भांडं कोण जवळ घेईल?

सुमन उठली. "हौसाबाई, तुमच्या घरी या वर्षीच्या पापड्या झाल्या?"

"आज घालायच्या व्हत्या. पीठ वाटून ठिवलंय सकाळीच. सून बसलीया वाट बगत."

"घेऊन या. कळशीभर तरी." मग गार्गीकडे वळून म्हणाली, "वाळवायची कशाला? ओलीच गुंडाळू. लहानपणी आम्ही ओल्याच पळवायचो, वाळेपर्यंत निम्म्या उरायच्या."

गार्गी बाकावरून उठली. "काकू, हनोईत सकाळी रस्त्यावर बायका हेच करतात. पातेल्यावर कापड ताणून बांधतात आणि त्यावर पीठ पसरतात."

"मग बांध की फडकं. मला ताटलीची सवय आहे, पण जमेल."

पीठ आलं, पातेल्यावर फडकं बांधलं. पहिली पापडी फाटली, दुसरीही. तिसरी मात्र सुमनने उलथण्याच्या टोकाने अशी उचलली की मांडवातले सगळे उठून पातेल्याभोवती आले. पळीभर पीठ, पळीच्या बुडाने गोल फिरवायचं, झाकण, दहा आकडे मोजायचे, झाकण काढायचं, कडेने सोडवायचं. ती एकेकाला जवळ बोलावून करायला लावत होती. एका दांडग्या मुलाच्या तीन फाटल्या तेव्हा म्हणाली, "अरे, ओढतोस काय? झोपलेल्या पोराच्या अंगावरचं पांघरूण काढतात तशी काढ." चौथी त्याला जमली आणि तो नाचला. हौसाबाई दुसऱ्या पातेल्यावर बसल्या होत्या. दोघी मध्येच गावच्या बोलीत काहीतरी बोलून खदखदून हसत होत्या. ही बोली लग्नानंतर दोन-तीन वर्षांत मी सुमनकडून सोडवून घेतली होती. पाहुण्यांसमोर बरं दिसत नाही म्हणून.

आणि मी काय करत होतो? गाजरं किसत होतो, आणि मला राग येत होता. इतकी माणसं दोन तास माझ्या बायकोला प्रश्न विचारत होती आणि मला कुणी गाजर बारीक की जाड हेसुद्धा विचारत नव्हतं. हे लिहायला लाज वाटते, पण खरं तेच आहे.

जेवण चांगलं झालं. ओल्या पापडीत पुदिना, तुळशीसारखा वास असलेला तिकडचा पाला, काकडी आणि टोफू, बरोबर शेंगदाण्याची आंबटगोड चटणी. माशाच्या सॉसचा वास ज्यांना सोसत नाही त्यांनी आधी सांगावं, वेगळी वाटी देतात. हौसाबाईंनी नुसतं तेल-तिखट लावून एक दिली, ती माझ्या मते सगळ्यात उत्तम होती.

जेवणं उरकल्यावर गार्गी सुमनसमोर येऊन बसली. सगळे तिथेच होते. म्हणाली, "काकू, पाकिटातले कागद मी आता आणणारच नाही. महिन्यातले दोन रविवार याल का? पापड्या तुम्ही शिकवायच्या, बाकीचं मी. पाटीवर दोघींची नावं लावू. मानधनही देईन आणि पुण्याहून गाडीची सोय माझी."

सुमनने ओले हात पदराला पुसले. मान वर केली. तोंड उघडलं.

"छे छे!" मी हसत हसत म्हणालो. "हिला कुठलं जमतंय! अर्धा तास उभी राहिली की गुडघे धरतात. आणि मग रविवारी माझं पथ्य कोण बघणार? आजचं म्हणजे आंधळ्याने मारलेला दगड हो, लागला एकदाचा."

दोघं-तिघं हसले, मोठा माणूस विनोद करतो तेव्हा हसतात तसे. सुमनने तोंड मिटलं. गार्गीने तिच्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "बरं. बघा काकू, घाई नाही." सुमन उठून पातेली आवरायला हौसाबाईंकडे गेली.

मी गाडी वळवत होतो तेव्हा हौसाबाई उरलेल्या पापड्यांचा डबा द्यायला आल्या. काचेतून आत वाकून हळूच म्हणाल्या, "दादा, ताई व्हय म्हननार व्हत्या. म्या बगत व्हते त्यांच्याकडं."

परतीचा रस्ता तोच, म्हणून त्याचं वर्णन करत नाही. नसरापूरपर्यंत सुमनने काच वरच ठेवली आणि एकाही वस्तीचं नाव घेतलं नाही. मी विचारलं, राग आला का? ती म्हणाली, नाही. खरोखरच आवाजात राग नव्हता. घरी आल्यावर तिने फोडणीचा भात केला, माझ्यासाठी बिनतिखटाचा.

ज्यांना जायचंय त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. मार्चनंतर जाऊ नका, मांडवात उकडतं. सकाळी साडेनऊला पोचा. रोख पैसे जवळ ठेवा, रेंज नसली की फोनवरून पैसे जात नाहीत. सुती कपडे घाला, आणि कुणी काही विचारलं तर आधी बघा की कुणाला विचारलंय.

घरी आल्यावरचे आठ दिवस वाईट गेले. भांडण असतं तर बरं झालं असतं. सुमन नेहमीसारखीच होती, फक्त फोनवर व्हिडिओ बघायची थांबली. आठव्या दिवशी मला राहवलं नाही. क्लासच्या ग्रुपवरून गार्गीचा नंबर घेतला आणि तिला लिहिलं की त्या दिवशी माझं चुकलं, काकूंना पुन्हा विचार, त्या येतील, रविवारी मी स्वतः आणून सोडेन. लिहिताना बरं वाटलं. आपण किती बदललो असंही वाटलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी गार्गीचा फोन आला. सुमन मेथी निवडत बसली होती. मी फोन तिच्या हातात दिला आणि समोरच खुर्ची ओढून बसलो.

"बोल गं," ती म्हणाली. बराच वेळ ऐकत राहिली. "हो, सांगितलं का त्यांनी? बरं... नाही, गुडघे ठणठणीत आहेत... नको, मी नाही येणार... नाही गं, रागावले नाही. तू असं कर, हौसाबाईंना विचार. पीठ त्यांचंच होतं आणि माझ्यापेक्षा त्यांच्या पातळ झाल्या होत्या. पाटीवर त्यांचं नाव लाव."

तिने फोन माझ्याकडे दिला आणि पुन्हा मेथी घेतली.

"अगं, पण मीच तिला सांगितलं होतं विचारायला," मी म्हणालो. "मी सोडणार होतो तुला. मग नाही का म्हणालीस?"

"तिथे हो म्हटलं असतं तर ते माझं झालं असतं," ती म्हणाली. "आता गेले, तर तुम्ही पाठवली म्हणून गेले."

तिने निवडलेली मेथी चाळणीत भरली आणि धुवायला आत घेऊन गेली.