तीन नंबरची डिस्क

बुलढाण्यातल्या एका बियाणे कंपनीत मी डेटाबेस सांभाळायचो. जिल्हाभरच्या दुकानांतला बियाण्यांचा साठा त्यात नोंदलेला असायचा. सर्व्हरचं लोखंडी कपाट एका चिंचोळ्या खोलीत भिंतीला बोल्टने आवळलं होतं. भिंतीपलीकडे आमच्या मॅनेजरचं क्वार्टर.

त्या उन्हाळ्यात इशारे यायला लागले : तीन नंबरची डिस्क धोक्यात. डिस्क बदलली, तरी नव्या डिस्कवर तोच इशारा. केबल बदलली, एसी पाहिला, वीज तपासली. डिस्क काढून टेबलावर तपासली तर ठणठणीत. कपाटात बसवली की मात्र वाचता वाचता अडखळायची, दोन-तीन सेकंद थांबायची आणि पुन्हा चालू व्हायची. शेवटी इशाऱ्यांच्या वेळा कागदावर उतरवल्या. जवळजवळ सगळ्या दुपारी एक ते दोनमधल्या, जेवणाच्या सुट्टीतल्या.

दुसऱ्या दिवशी डबा न उघडता मी आत जाऊन बसलो. डोळे स्क्रीनवर, तळहात कपाटावर. दीडच्या सुमारास हाताला धक्का बसला. लगेच दुसरा. स्क्रीनवर भिंतीलगतच्या डिस्कचा तीन नंबर लाल झाला, आणि भिंतीतून बाईचा आवाज आला, "डोकं नका आपटू हो! पोरगी पाहून राह्यली!"

मी धावत मागच्या बाजूला गेलो. दार नुसतं लोटलेलं होतं. मॅनेजरने बायकोचे केस मुठीत धरले होते. भिंतीवर रक्ताचा ओला डाग, खाली जुने वाळलेले. पोरगी पलंगाखाली.

"तू काऊन आला बे इथं?" म्हणत त्याने वरवंटा उचलला आणि माझ्या तोंडावर हाणला. दोन दात जिभेवर आले. पुढचं अभिमानाने सांगण्यासारखं नाही. मी वरवंटा हिसकला, त्याला पाडलं, छातीवर बसलो आणि मारत सुटलो. नाक फुटलं. बरगडी मोडल्याचा आवाज ऐकला, तेव्हा मला बरं वाटलं. बाईनेच मागून माझी कॉलर ओढली. "सोडा त्याले, भाऊ! मरन तो!"

ठाण्यात हवालदार वेळांचा कागद पाहून हसला. "मशीन साक्ष देते काय?" तरी फाईलला लावायचं कबूल केलं. त्याआधी मी तो तिला दाखवला. तिच्या डोक्याला पट्टी होती. बोट ठेवून तिने एकेक तारीख वाचली.

"ह्या चार दिवसाचं काऊन नाही? त्यातच तं माया कान फुटला."

इशारे खोटे वाटले म्हणून ते चार दिवस मी बंद करून ठेवले होते. तसं तिला सांगितलं. तिने पेन मागून घेतलं आणि त्या तारखा स्वतःच्या हाताने लिहिल्या.

मुख्य कार्यालयाला बिघाडाचं कारण कळवायचं होतं. तिथल्या साहेबांनी फोनवरून सांगितलं, नुसतं 'कंपन' लिहा. मी लिहिलं : भिंतीवर बाईचं डोकं आपटल्यामुळे. महिन्याभरात माझी नोकरी गेली.

ती मुलीला घेऊन मेहकरला भावाकडे गेली. दोन्ही खटले अजून चालू आहेत. तिचा त्याच्यावर, त्याचा माझ्यावर. मागच्या तारखेला त्याच्या वकिलाने मला विचारलं, "माझा अशील हात जोडत होता, तरी मारलं?"

मी म्हणालो, "हो, मारलं."